तारापूरला इंधन कोणी कोणी दिलं?

वाचक विचारतात. या सदरात तारापूर अणुवीज केंद्रातून निवृत्त झालेले आमचे अभियंता-लेखक वाचकांच्या प्रश्नांना उत्तरं देतात. या वेळचा विषय : भारत आणि मोठ्या सत्ता.

प्रश्न : सर, मी बारावी झाले आहे आणि स्पर्धा परीक्षेची तयारी करते. आमच्या क्लासमध्ये सांगतात की रशिया हा भारताचा कायमचा मित्र आणि अमेरिकेवर कधीच भरवसा ठेवू नये. माझी मैत्रीण म्हणते ते जुनं झालं, आता अमेरिकाच आपली. तुम्ही अमेरिकेने बांधलेल्या अणुभट्टीवर नोकरी केली आहे. तुमचं मत काय?
एक विद्यार्थिनी, परभणी

उत्तर : तुला तारापूरचीच गोष्ट सांगतो. अमेरिका, फ्रान्स, चीन आणि रशिया या चारही सत्तांचं इंधन जिथे जळलं, अशी दुसरी जागा निदान मला तरी ठाऊक नाही. बोईसर स्टेशनवर उतरून समुद्राकडे निघालं की ती जागा येते.

ऑगस्ट १९६३ मध्ये भारत आणि अमेरिका यांच्यात करार झाला. जनरल इलेक्ट्रिक कंपनी दोन संच उभारून देणार, प्रत्येकी २१० मेगावॅटचे. अमेरिकन सरकार त्यासाठी कमी व्याजाचं, लांब मुदतीचं कर्ज देणार. आणि मुख्य अट अशी की या संचांना लागणारं समृद्ध (म्हणजे विखंडनक्षम भाग वाढवलेलं) युरेनियम अमेरिका तीस वर्षं देत राहील आणि आपण ते अमेरिकेकडूनच घेऊ. होमी भाभांनी हा सौदा मोठ्या विचाराने केला होता. भारतासारख्या देशात अणुवीज चालू शकते हे लवकरात लवकर दाखवायचं होतं. भाभा मात्र ते पाहू शकले नाहीत. जानेवारी १९६६ मध्ये आल्प्समधल्या विमान अपघातात ते गेले. ऑक्टोबर १९६९ मध्ये तारापूरची वीज ग्रीडला रीतसर मिळू लागली.

मग १८ मे १९७४ ला पोखरणला आपली पहिली अणुचाचणी झाली. स्फोटासाठीचं प्लुटोनियम तारापूरचं नव्हतं. ते तुर्भ्याच्या सायरस भट्टीतून आलं होतं. सायरस कॅनडाने दिलेली, तिच्यातलं जड पाणी (भट्टीतली अणुप्रक्रिया चालू ठेवायला लागणारं खास पाणी) अमेरिकेचं. तारापूरवर आंतरराष्ट्रीय निरीक्षण होतं आणि तिथल्या कराराचा आपण भंग केला, असं म्हणायला जागा नव्हती. तरी फटका तारापूरलाच बसला. १९७८ मध्ये अमेरिकन काँग्रेसने अण्वस्त्र प्रसारबंदीचा नवा कायदा केला. जो देश आपल्या सगळ्या अणुकेंद्रांवर निरीक्षण मान्य करत नाही त्याला इंधन द्यायचं नाही, असा त्याचा आशय. १९६३ चा करार आधीचा, कायदा नंतरचा. पण तिथल्या संसदेने ठरवलं की नंतरचा कायदा आधीच्या शब्दावर चालेल. विषय गाजला. सप्टेंबर १९८० मध्ये अध्यक्ष कार्टर यांनी ३८ टन इंधन द्यायची परवानगी पुढे रेटली. प्रतिनिधिगृहाने ती २९८ विरुद्ध ९८ मतांनी नाकारली आणि सिनेटने ४८ विरुद्ध ४६ अशी जेमतेम वाचवली. दोन मतं, बाळ! पालघर किनाऱ्यावरच्या भट्टीत पुढच्या वर्षी इंधन असेल की नाही, ते वॉशिंग्टनमधल्या दोन मतांवर लटकलं होतं.

तो काळ आम्ही कसा काढला ते क्लासच्या नोट्समध्ये सापडणार नाही. एका संचाच्या गाभ्यात इंधनाचे २८४ जुडगे असतात आणि दर रिफ्युएलिंगला त्यातले काही बदलावे लागतात. नवे येतील याची खात्री नसली की संच कमी शक्तीवर चालवायचा आणि आहे ते इंधन पुरवून पुरवून वापरायचं. इंधन थांबलं तसे सुटे भागही अडले, तंत्रसल्लाही आटला. पत्र पाठवलं तर उत्तर यायचं नाही, आलं तर त्यात कायद्याचा हवाला असायचा. दुय्यम बाष्पजनकांच्या, म्हणजे वाफ तयार करणाऱ्या पात्रांच्या, नळ्या गळायला लागल्या आणि पुढे दोन्ही संच २१० वरून १६० मेगावॅटवर आणावे लागले. किरणोत्सर्ग जास्त असलेल्या जागी एकाला काही मिनिटंच थांबता येतं. मग दुसरा जातो, मग तिसरा. आमच्या फिटर-वेल्डर मंडळींनी बाहेर नकली सांगाडे करून हात बसवला, म्हणजे आत गेल्यावर एक क्षण वाया जाऊ नये. ज्या दुरुस्त्यांसाठी परदेशी तज्ज्ञ येणं गृहीत धरलं होतं त्या त्यांनी केल्या. देशाचं स्वावलंबन म्हटलं की मला आजही छातीवर किरणोत्सर्ग मोजणारा फिल्म बॅज लावून ओळीत उभे राहिलेले ते लोक दिसतात, आणि त्यांच्याविषयी वाटणारा आदर शब्दांत पुरेसा येत नाही.

जुलै १९८२ मध्ये इंदिरा गांधी रेगन यांना भेटल्या आणि मार्ग निघाला : अमेरिकेऐवजी फ्रान्स इंधन देईल. अमेरिकेची कायद्यातून सुटका झाली आणि आपले संच वाचले. फ्रान्सने १९९३ पर्यंत म्हणजे मूळ कराराची मुदत संपेपर्यंत दिलं. मग फ्रान्सचंही धोरण कडक झालं. १९९५ मध्ये कोण पुढे आलं? चीन. ज्याच्याशी १९६२ चं युद्ध झालं, ज्याच्या अणुबॉम्बमुळे आपल्याला पोखरणचा विचार करावा लागला, त्या चीनचं युरेनियम तारापूरला जळलं. चीन त्या वेळी अणुपुरवठादार गटात, म्हणजे अणुसामग्रीच्या विक्रीचे नियम ठरवणाऱ्या देशांच्या गटात, नव्हता, त्याला ते शक्य होतं आणि तेव्हा सोयीचंही होतं. त्यानंतर २००१ मध्ये रशियाने दिलं, अमेरिका आणि इतरांनी त्यावर नाराजी दाखवली तरीही दिलं, आणि २००६ मध्ये पुन्हा ६० टन. मधल्या काळात तारापूरलाच भाभा अणुसंशोधन केंद्राच्या शाखेत युरेनियम आणि प्लुटोनियम मिसळून केलेलं आपलं इंधन तयार झालं आणि त्याचे काही जुडगे आम्ही गाभ्यात घातले. ते थोडेच होते. पण दाराशी पर्याय आहे हे समोरच्याला कळलं की वाटाघाटीत त्याचा सूर बदलतो.

आता रशियाचं. रशियाने आपल्याला खूप दिलं, हे क्लासमध्ये सांगतात ते खरं आहे आणि ते विसरू नये. भिलाईचा पोलाद कारखाना दिला, पवईच्या आयआयटीला पहिली यंत्रसामग्री आणि प्राध्यापक दिले. कॅनडाने राजस्थानच्या रावतभाट्याचं काम अर्धवट टाकलं तेव्हा सोव्हिएत संघाने जड पाणी दिलं. पण जड पाणी देताना कडक निरीक्षणाची अटही घातली, आणि पोखरणनंतर आपल्यावर निर्बंध आणायला लंडनमध्ये जो पुरवठादार गट जमला त्याच्या संस्थापकांत सोव्हिएत संघ होता. १९९१ मध्ये रशियाच्या ग्लावकॉसमॉसने इस्रोला क्रायोजेनिक (अतिथंड द्रवरूप इंधनावर चालणाऱ्या) रॉकेट इंजिनाचं तंत्रज्ञान द्यायचा करार केला; अमेरिकेने निर्बंध लावल्यावर १९९३ मध्ये रशियाने तंत्रज्ञान मागे घेतलं आणि तयार इंजिनं दिली. आपलं स्वतःचं क्रायोजेनिक इंजिन लावून जीएसएलव्ही रॉकेट यशस्वी उडालं ते जानेवारी २०१४ मध्ये. वीस वर्षं गेली.

उलट बाजूनेही बघ. १८ जुलै २००५ चं अणुसहकार्याचं मनमोहन सिंग-बुश निवेदन, त्यानंतरची खटपट, २२ जुलै २००८ चा लोकसभेतला विश्वासदर्शक ठराव आणि ६ सप्टेंबर २००८ ला पुरवठादार गटाने भारताला दिलेली सूट. ती सूट मिळवून देण्यासाठी ज्या देशाने इतर देशांना रात्ररात्र फोन करून वळवलं, तो देश अमेरिका. त्या सुटीचा फायदा पुढे सगळ्यांत आधी कोणी उचलला? रशियाने आणि फ्रान्सने. आपल्या बाजूला त्या वाटाघाटींत अणुऊर्जा आयोगाचे तेव्हाचे अध्यक्ष अनिल काकोडकर ठामपणे उभे होते : कोणते संच निरीक्षणाखाली जातील आणि कोणते नाही हे आम्ही ठरवणार, आणि इंधनाचा साठा करून ठेवायचा हक्क आम्हाला पाहिजे. साठ्याची ती अट कुठून आली हे आम्हा तारापूरकरांना कोणी समजावून सांगायची गरज नव्हती.

तेव्हा परीक्षेत 'खरा मित्र' आणि 'दगाबाज' हे शब्द लिहू नकोस. तीन गोष्टी लिही. करार कोणत्या साली, कोणत्या अटीवर झाला. त्या देशाचा कोणता अंतर्गत कायदा त्या करारावर मात करू शकतो. आणि करार मोडला तेव्हा आपल्या हातात काय होतं. तिसऱ्याचं उत्तर जितकं भक्कम, तितके पहिल्या दोन प्रश्नांतले देश आपल्याशी बरे वागलेले दिसतील.

प्रश्न : अमेरिकेने दिलेलं इंधन जळल्यावर अमेरिकेने परत नेलं का? आम्ही बोईसरला राहतो, त्यामुळे विचारतो.
एक वाचक, बोईसर

उत्तर : नाही नेलं. या प्रकरणातला मला सगळ्यांत जास्त खटकणारा भाग हाच आहे.

जळालेल्या इंधनात प्लुटोनियम उरतं. पुनर्प्रक्रिया करून ते वेगळं काढता येतं आणि पुन्हा इंधन म्हणून वापरता येतं. भाभांच्या तीन टप्प्यांच्या आराखड्याचा तो पायाच आहे. तारापूरला आपला पुनर्प्रक्रिया कारखाना १९७० च्या दशकातच उभा राहिला. पण मूळ करारानुसार अमेरिकन इंधनावर पुनर्प्रक्रिया करायला दोन्ही देशांनी मिळून निर्णय घ्यायला हवा होता. अमेरिका हो म्हणेना. परत नेणार का, तर तेही नाही. मग ते जुडगे पाण्याच्या टाकीत साठत गेले. टाकी भरायला आली तेव्हा आम्ही आतल्या मांडण्या बदलून जास्त दाटीने ठेवायची सोय केली आणि पुढे आवारातच वेगळी साठवण बांधली. १९९३ मध्ये करार संपल्यावर आता आपण मोकळे, अशी भूमिका भारताने घेतली खरी, तरी ते इंधन निरीक्षणाखालीच ठेवलं.

तुम्हाला काळजी वाटत असेल तर सांगतो : पाण्याखाली ठेवलेले हे जुडगे नियमित तपासले जातात, पाण्याची शुद्धता आणि पातळी यांवर चोवीस तास लक्ष असतं, व्हिएन्नाच्या आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेचे निरीक्षक येऊन मोजणी करून जातात. माझी तक्रार सुरक्षेविषयी नाही. तंत्र घेताना त्याच्या शेवटाची जबाबदारी कोणाची हे पहिल्याच पानावर लिहून घ्यायला हवं, ही माझी तक्रार आहे. तमिळनाडूत कुडनकुळमला रशियन भट्ट्या घेतल्या त्या वेळी त्यावर जास्त स्पष्ट बोलणं झालं : १९८८ च्या मूळ मसुद्यात जळालेलं इंधन सोव्हिएत संघ परत नेणार होता, नंतर ते भारताकडेच राहील असं ठरलं, आणि पुनर्प्रक्रियेचा हक्कही आपल्याकडे आला. तारापूरची टाकी भरत चालली होती ते पाहिलेल्यांना या कलमाची किंमत कळते.

प्रश्न : माझे वडील मुंबईच्या नौदल गोदीत होते. ते सांगायचे, ७१ च्या युद्धात अमेरिकेची 'एंटरप्राइज' विमानवाहू नौका बंगालच्या उपसागरात आली तेव्हा रशियाने आपल्यासाठी युद्धाची तयारी केली होती, कारण तसा करार होता. करारात खरंच तसं होतं का?
एक वाचक, डोंबिवली

उत्तर : वडिलांची भावना मी समजू शकतो. त्या डिसेंबरात मुंबईत काळोख पाळलेल्या प्रत्येकाला सोव्हिएत युद्धनौकांच्या बातमीने धीर आला होता. पण भारत-सोव्हिएत मैत्री कराराचा मजकूर तुम्ही स्वतः वाचावा असं मी सुचवीन. बाराच कलमं आहेत, अर्ध्या तासात होतात.

९ ऑगस्ट १९७१ ला दिल्लीत दोन्ही देशांचे परराष्ट्रमंत्री स्वर्णसिंग आणि ग्रोमिको यांनी सह्या केल्या. नववं कलम म्हणतं, दोघांपैकी कोणावर हल्ला झाला किंवा हल्ल्याची धमकी आली, तर दोन्ही देश ताबडतोब आपसांत विचारविनिमय करतील आणि धोका दूर करायला योग्य ती पावलं उचलतील. आमच्यासाठी तुम्ही लढाल असं त्यात कुठेही नाही. चौथ्या कलमात तर सोव्हिएत संघ भारताच्या अलिप्ततेच्या धोरणाचा आदर करतो असं लिहिलंय. ते वाक्य इंदिरा गांधींना हवं होतं म्हणून आहे.

एवढ्याशा मजकुराने काम मात्र मोठं केलं. जुलैमध्ये अमेरिकन अध्यक्षांचे सुरक्षा सल्लागार किसिंजर गुपचूप पेकिंगला (आजचं बीजिंग) जाऊन आले होते. अमेरिका, चीन आणि पाकिस्तान एका बाजूला दिसत होते. ऑगस्टमधल्या सह्यांनी चीनला विचार करायला लावला. डिसेंबरात सुरक्षा परिषदेत युद्धबंदीचे ठराव आले ते सोव्हिएत संघाने नकाराधिकार वापरून अडवले, एकदा नव्हे तीनदा. त्यातून आपल्या सैन्याला ढाक्यापर्यंत पोचायला जे दिवस मिळाले, ते त्या कराराचं खरं फळ. त्याच दिवसांत मॉस्कोचे उपपरराष्ट्रमंत्री कुझनेत्सोव्ह दिल्लीत येऊन लवकर उरका असंही सांगत होते, कारण नकाराधिकार रोज वापरणं त्यांना जड जात होतं. १६ डिसेंबरला शरणागती झाली.

आणखी एक. जानेवारी १९९३ मध्ये रशियाचे अध्यक्ष येल्तसिन आले तेव्हा जो नवा करार झाला त्यात ते नववं कलम उरलं नाही. आज जो कोणी १९७१ च्या कराराचा दाखला देऊन रशिया आपल्या बाजूने उतरेल असं सांगतो, त्याला हे विचारा.

प्रश्न : मी ओझरला एचएएलच्या (हिंदुस्थान एरोनॉटिक्सच्या) विमान कारखान्यात होतो. मिग-२१ निवृत्त झालं त्या दिवशी खूप वाईट वाटलं. यशवंतराव चव्हाणांनी रशियाकडे जायचा निर्णय घेतला नसता तर ओझर झालं असतं का? आणि आता तेजसला अमेरिकन इंजिन आहे, ते कितपत भरवशाचं?
एक निवृत्त कामगार, नाशिक

उत्तर : नमस्कार. २६ सप्टेंबर २०२५ ला चंडीगडला मिग-२१ ला निरोप दिला तेव्हा डोळे भरून आले, असं ओझरच्या किती तरी लोकांनी मला कळवलं. तुम्ही हाताने बांधलेली ती विमानं होती.

मिगचा पहिला निर्णय यशवंतराव संरक्षणमंत्री होण्याच्या आधीचा, १९६२ च्या ऑगस्टमधला. पण लक्षात घ्या, त्याच ऑक्टोबरात चीनने हल्ला केला तेव्हा मॉस्कोच्या 'प्रावदा' या पक्षाच्या वृत्तपत्राने चीनच्या बाजूला झुकणारा लेख छापला. क्युबाचं संकट चालू होतं, त्यांना चीन दुखवायचा नव्हता. शस्त्रं घेऊन त्या नोव्हेंबरात धावून आली ती अमेरिका आणि ब्रिटन. अमेरिकन सी-१३० विमानांनी आपले जवान लडाखला पोचवले. अशा वेळी यशवंतराव महाराष्ट्राचं मुख्यमंत्रिपद सोडून संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले. हिमालयाच्या हाकेला सह्याद्री धावला, असं आपण अजून म्हणतो.

त्यांचं मोठेपण मला दिसतं ते १९६४ मध्ये. मे महिन्यात ते वॉशिंग्टनला गेले. पाकिस्तानला मिळालेल्या एफ-१०४ स्टारफायटरच्या तोडीचं विमान त्यांना हवं होतं. तिथे असतानाच नेहरू गेल्याची बातमी आली. विमान मिळालं नाही. त्यानंतर ऑगस्ट-सप्टेंबरात ते मॉस्कोला गेले आणि मिगच्या कारखान्यांचं पक्कं करून आले. ओझरची धावपट्टी आणि तुमची नोकरी यांच्यामागे तो दौरा आहे. त्यांना रशियाचं प्रेम होतं म्हणून ते गेले नाहीत. आधी अमेरिकेचं दार ठोठावलं, आणि जो देश आपल्याच भूमीवर कारखाना घालू द्यायला तयार झाला त्याच्याकडून घेतलं. पाणबुड्यांचं तेच : ब्रिटनने टाळाटाळ केली, सोव्हिएत संघाने दिल्या, 'कलवरी' डिसेंबर १९६७ मध्ये रीगा बंदरात नौदलात दाखल झाली. आणि त्याच सोव्हिएत संघाने १९६८ मध्ये पाकिस्तानला शस्त्रं विकायचं ठरवलं, हेही त्या वेळच्या लोकांनी पाहिलं.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर मला जास्त बोलायचं आहे. तेजस एमके-१ए चं एफ-४०४ इंजिन जनरल इलेक्ट्रिकचं, तारापूरच्या भट्टीवर जिचं नाव कोरलेलं आहे त्याच कंपनीचं. मे १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर अमेरिकेने निर्बंध लावले तेव्हा तेजससाठीची इंजिनं अडली होती आणि तिथे काम करणाऱ्या आपल्या अभियंत्यांना परत यावं लागलं होतं. २०२१ मध्ये ९९ इंजिनांची मागणी नोंदवली. पहिलं आलं मार्च २०२५ मध्ये, ठरल्यापेक्षा पुष्कळ उशिरा. या वेळी कारण राजकारणाचं नव्हतं, पुरवठासाखळीचं होतं. विमानाच्या सांगाड्याला मात्र कारण कळत नाही. इंजिनाविना तो हँगरमध्ये उभाच राहतो. ओझरला ऑक्टोबर २०२५ पासून तेजसची नवी उत्पादनफळी आहे, तिथल्या पोरांना याची झळ लागणारच.

तर भरवसा किती? कंपनीवर पुष्कळ. तिच्या देशाच्या कायद्यावर बेताचा. ओझरने मिग बांधलं, पुढे सुखोई-३० बांधलं, ते मॉस्कोहून आलेल्या आराखड्यावर. कोरापुटला त्यांची इंजिनं जुळवली. इतकी वर्षं इंजिनं जुळवूनही लढाऊ विमानाचं इंजिन मुळापासून आखायची विद्या आपल्याकडे आली नाही. 'कावेरी' १९८० च्या दशकाच्या अखेरीस हाती घेतलं, तेजसमध्ये बसलं नाही. त्यावर पुरेसा पैसा आणि धीर दोन्ही लावले गेले नाहीत असं मला मनापासून वाटतं. स्टॉकहोमच्या सिप्री संस्थेच्या हिशेबाने भारताच्या शस्त्रआयातीतला रशियाचा वाटा २०१०-१४ मध्ये ७२ टक्के होता, २०२०-२४ मध्ये तो ३६ वर आला. बाकीचा फ्रान्स, इस्रायल, अमेरिका यांनी वाटून घेतला. एका दुकानाऐवजी चार दुकानं झाली, हे चांगलंच. पण इंजिन अजून दुकानातूनच येतं.

प्रश्न : तुम्ही कराराबद्दल भरभरून लिहिता. ज्यांची घरं गेली त्यांच्याशी कोणता करार झाला होता?
एक वाचक, तालुका पालघर

उत्तर : तुमचा प्रश्न मला लागला आणि लागायलाच हवा होता. तारापूरच्या तीन आणि चार क्रमांकाच्या संचांसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही दोन गावं उठवली. ते संच आपले स्वतःचे, ५४० मेगावॅटचे, देशात त्या वेळी सर्वांत मोठे. २००५ आणि २००६ मध्ये सुरू झाले आणि आम्हाला त्यांचा केवढा अभिमान. त्या अभिमानाची किंमत मांगेले, आगरी, कुणबी, वारली, भंडारी कुटुंबांनी भरली. घर, वाडी, बोट लावायची जागा. पुनर्वसनाची भांडणं मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेली. नोकरीची वचनं किती पाळली गेली हे तुम्ही माझ्यापेक्षा जास्त जाणता.

हा विषय परराष्ट्र धोरणाच्या सदरात बसतो, हे आग्रहाने सांगतो. २०१० मध्ये संसदेने अणुअपघाताच्या भरपाईचा कायदा केला तेव्हा भोपाळची आठवण ताजी होती, म्हणून केंद्र चालवणाऱ्याला सदोष यंत्र पुरवणाऱ्या कंपनीकडूनही भरपाई वसूल करता येईल असं कलम त्यात घातलं गेलं; २०२५ अखेरच्या नव्या कायद्यात ते उरलं नाही. त्या एका कलमामुळे अमेरिकन कंपन्या वर्षानुवर्षं अडून बसल्या आणि २००८ च्या करारातून अपेक्षित असलेली एकही अमेरिकन भट्टी उभी राहिली नाही. जैतापूरला फ्रान्सच्या सहा महाकाय भट्ट्यांचं ठरून इतकी वर्षं झाली. माडबनच्या लोकांनी जमीन, मासळी आणि आंबा यांवरून विरोध केला, एप्रिल २०११ मध्ये गोळीबारात एकाचा जीव गेला. वॉशिंग्टन आणि पॅरिसच्या लोकांना वाटतं ही भारताची अंतर्गत अडचण. मला वाटतं, किनाऱ्यावरच्या माणसाला अपघाताची भरपाई कोण देणार, हा कराराचा पहिला मुद्दा असला पाहिजे, शेवटचा नव्हे. आणि पुनर्वसनाच्या वचनांची यादी कराराच्या कागदाइतकीच जाहीर असावी, दरवर्षी ग्रामसभेत वाचली जावी. मी अणुऊर्जेच्या बाजूचा माणूस आहे, म्हणूनच हे मागतो.

प्रश्न : आमचा सोलापुरात टेरी टॉवेलचा छोटा कारखाना आहे. रशियाचं तेल घेतल्याचा दंड अमेरिकेने आमच्या टॉवेलवर का लावावा? आणि सरकारने तेल घेणं बंद करावं का?
एक उद्योजक, सोलापूर

उत्तर : ऑगस्ट २०२५ मध्ये आधी २५ टक्के आयातशुल्क आणि वर रशियन तेलाच्या कारणाने आणखी २५, असं अमेरिकेने केलं; तेलाचं ते वाढीव शुल्क फेब्रुवारी २०२६ मध्ये मागे घेतलं. २०२२ च्या आधी आपल्या तेलआयातीत रशियाचा वाटा दोन टक्क्यांच्या आसपास होता. युक्रेनवरच्या हल्ल्यानंतर ते तेल स्वस्त झालं आणि दोन वर्षांत वाटा तिसऱ्या हिश्शापर्यंत गेला. चीन आपल्याइतकंच, किंबहुना जास्त घेत होता. त्याला हा दंड लागला नाही, कारण चीनच्या हातात दुर्मिळ मृदाधातूंचा पुरवठा होता. दुसऱ्याला दुखेल असं आपल्या हातात काय आहे, यावर मोठे देश बोलतात. टॉवेल त्यात बसत नाही, हे दुर्दैव तुमचं.

तेल बंद करावं का? स्वस्त मिळत असेल तोवर घ्यावं, महाग झालं की दुसरीकडून घ्यावं, आणि कोणाच्या हुकमाने काही करू नये. हे मी फक्त अभिमानापोटी म्हणत नाही. १९७८ मध्ये तारापूरच्या इंधनासाठी आपण सगळ्या केंद्रांवर निरीक्षण मान्य केलं असतं, तर पुढची मागणी आलीच असती.

तुमच्यापुरतं सांगतो. अमेरिकेच्या बाजारातून पाय काढू नका, पण तिथले आकडे खाली-वर होत राहणार. ज्या अधिकाराने हे शुल्क लावलं त्याला तिथल्याच न्यायालयांत आव्हान मिळालं आणि फेब्रुवारी २०२६ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने तो अधिकार नाकारला, तेव्हा तिकडच्या निर्णयांवर लक्ष ठेवा. ब्रिटनबरोबरचा व्यापार करार जुलै २०२५ मध्ये झाला. त्यात आपल्या कापडमालावरचं शुल्क काढायचं ठरलं, तेव्हा तिथले ग्राहक शोधायला हवेत. आणि अमेरिकन खरेदीदाराशी पुढची ऑर्डर लिहिताना, माल निघाल्यानंतर शुल्क बदललं तर फरक कोण सोसणार, ही एक ओळ त्यात घालून घ्या.